चिठ्ठीवरचं मांजर

इंजिनिअरिंगला असताना मी दोनदा 'मेडिकल' लावलं होतं. आपल्याकडच्या कॉलेजात चार वर्षं काढलेल्यांना हे समजावून सांगायला नको. हजेरी पंचाहत्तर टक्क्यांच्या खाली गेली की नोटीस बोर्डावर नावं लागतात, आणि मग ज्याला त्याला आपापले फॅमिली डॉक्टर आठवतात. आमच्या डॉक्टरकाकांनी लेटरहेड पुढे ओढत विचारलं होतं, "किती दिवसांचा ताप पाहिजे?" मी म्हटलं, "नऊ." त्यांनी नऊ दिवसांचा ताप लिहिला, शिक्का मारला आणि आईला नमस्कार सांगायला सांगितलं. मला ताप आलेला नव्हता. लाजही वाटली नव्हती.

पुढे काही वर्षांनी कॅलिफोर्नियात एका थेरपिस्टसमोर बसून मी आणखी एक सर्टिफिकेट मागत होते. या वेळी आजार खरा होता, आणि या वेळी माझ्या तोंडून शब्द फुटत नव्हता. खोट्या तापाचा कागद बिनदिक्कत घेणारी मी, खऱ्या आजाराचा कागद मागताना घामाघूम का झाले? हा प्रश्न तेव्हापासून माझ्या डोक्यात आहे. त्याचं उत्तर शोधताना दुसराच एक प्रश्न हाती लागला, तोही सांगते.

*

ऑगस्ट 2022मध्ये मी मास्टर्ससाठी तिकडे गेले. ऑक्टोबरपासून झोप बिघडली. रात्री तीनला जाग यायची, छातीत धडधडायचं, मग उजाडेपर्यंत छताकडे बघत पडायचं. सकाळच्या लेक्चरला जाणं बंद झालं, मग दुपारच्याही. घरी फोनवर "मस्त चाललंय" एवढंच सांगायचं. आईला स्क्रीनवर माझे डोळे दिसत होते, पण ती "तिकडे थंडी फार आहे का गं?" एवढंच विचारायची. जानेवारीत एका प्रोफेसरनी स्वतःहून बोलावून घेतलं आणि मी थेरपिस्टकडे जायला लागले. नैराश्य आणि चिंताविकार, अशी दोन नावं मिळाली.

मार्चच्या स्प्रिंग ब्रेकमध्ये एका सीनियर ताईच्या घरी राहून तिचं मांजर आठवडाभर सांभाळलं. त्या आठवड्यात मी सहा सहा तास झोपले. यात जादू काही नव्हती. सकाळी सहाला कोणीतरी छातीवर उभं राहून जेवायला मागायचं, त्यामुळे उठावंच लागायचं. उठलं की आंघोळ व्हायची, आंघोळ झाली की बाहेर पडणं व्हायचं. रात्री तीनला जाग आली तरी पायाशी एक ऊबदार गोळा घुरघुरत असायचा. थेरपिस्टच्या सांगण्यावरून मी झोपेची वही ठेवत होते. त्या वहीत तो आठवडा वेगळा दिसत होता.

आमच्या युनिव्हर्सिटीच्या अपार्टमेंटमध्ये पाळीव प्राण्यांना बंदी होती. अपवाद एकच: 'इमोशनल सपोर्ट ॲनिमल', म्हणजे मानसिक आजार असलेल्या माणसाला ज्याच्या सोबतीने आधार मिळतो असा प्राणी. अंध माणसाला रस्ता दाखवणारं कुत्रं वेगळं. ते विशिष्ट कामासाठी शिकवलेलं असतं आणि मालकासोबत दुकानात, वर्गात, हॉटेलात कुठेही जाऊ शकतं. आधार देणाऱ्या प्राण्याला असं शिक्षण लागत नाही आणि त्याचा हक्क मुख्यतः घरापुरता असतो. अमेरिकेतला 1968चा घरांबाबतचा भेदभावविरोधी कायदा 1988मध्ये अपंग व्यक्तींनाही लागू झाला, तिथून हा हक्क आला. तो हॉस्टेललाही लागू होतो का, यावर नेब्रास्का विद्यापीठाच्या कर्नी इथल्या शाखेवर 2011मध्ये सरकारने खटला भरला होता. चिंताविकार असलेल्या एका विद्यार्थिनीला तिचं छोटं कुत्रं ठेवू दिलं नव्हतं. 2013मध्ये कोर्टाने सांगितलं की विद्यार्थ्यांची घरं हीसुद्धा घरंच आहेत. 2015मध्ये विद्यापीठाने 1 लाख 40 हजार डॉलर देऊन तडजोड केली. मला मिळणारी परवानगी अशा कोणाच्या तरी भांडणातून आली होती.

त्यासाठी काय लागतं? परवानाधारक थेरपिस्टचं किंवा डॉक्टरचं पत्र. त्यात दोन गोष्टी असाव्या लागतात. एक, या व्यक्तीला असा आजार आहे ज्यामुळे झोपणं, लक्ष लागणं, शिकणं अशा रोजच्या गोष्टींत मोठा अडथळा येतो. दोन, या प्राण्यामुळे त्या अडथळ्यात अमुक फरक पडतो. हे पत्र युनिव्हर्सिटीच्या डिसॅबिलिटी ऑफिसला द्यायचं, ते हाउसिंग ऑफिसला कळवणार, मग मांजराच्या लसींचे कागद, मग रूममेटला कल्पना देणं, मग करारावर सही.

*

हे सगळं एका मित्राला सांगितलं तर तो हसला. "कशाला एवढा व्याप? वेबसाइटवर प्रश्नावली भर, कार्ड दे, चोवीस तासांत लेटर. माझा कुत्रा तसाच राहतोय." त्याला कसलाही आजार नव्हता. पाळीव प्राण्याचं डिपॉझिट आणि महिन्याचं जादा भाडं वाचवायचं होतं, कारण आधाराच्या प्राण्यासाठी घरमालकाला ते आकारता येत नाही.

त्याला मी काय बोलणार? नऊ दिवसांचा ताप मीच विकत घेतला होता.

तरी मनात हिशेब सुरू झाला. माझ्या खोट्या तापाने कोणाचं नुकसान झालं? तेव्हा वाटलं होतं, कोणाचंच नाही. पण वर्गातल्या एका मुलीला खरोखर टीबी झाला होता. तिचं सर्टिफिकेट बघून सर म्हणाले होते, "सगळे असलेच कागद आणतात." तिला रिपोर्ट, एक्स-रे, सगळं घेऊन दोन वेळा जावं लागलं. आमच्यासारख्या चाळीस जणांच्या तापामुळे तिच्या टीबीवर कोणी विश्वास ठेवत नव्हतं. खोटा कागद फुकट नसतो. त्याची किंमत खरा कागद आणणारा भरतो.

अमेरिकेत हेच मोठ्या प्रमाणावर झालं. जानेवारी 2018मध्ये न्यूअर्क विमानतळावर एक बाई आधाराचा प्राणी म्हणून चक्क मोर घेऊन आली. विमान कंपनीने त्याला चढू दिलं नाही, फोटो जगभर फिरले, लोक पोट धरून हसले. डिसेंबर 2020मध्ये सरकारने नियम बदलला, आणि पुढच्या महिन्यापासून विमान कंपन्यांवर अशा प्राण्यांना विशेष सवलत देण्याचं बंधन राहिलं नाही. त्याच वर्षी गृहनिर्माण खात्याने सांगितलं की इंटरनेटवर विकत मिळणारं सर्टिफिकेट तेवढ्यावरच भरवशाचं धरता येणार नाही. कॅलिफोर्नियाने तर जानेवारी 2022पासून कायदाच केला: आधाराच्या कुत्र्यासाठी पत्र देण्याआधी डॉक्टरची आणि त्या माणसाची किमान 30 दिवसांची ओळख हवी. तो कायदा कुत्र्यांपुरता आहे, मला मांजर हवं होतं. माझ्या थेरपिस्टने मात्र सगळ्या प्राण्यांसाठी तोच नियम ठेवला होता. आमची ओळख तोवर दोन महिन्यांची झाली होती.

म्हणजे माझी बाजू साफ होती. मग लाज कसली?

*

पहिलं कारण त्या कागदावरचा शब्द. डिसॅबिलिटी. 'ताप' हा शब्द येतो आणि जातो. हा शब्द चिकटेल असं वाटत होतं. तासगावात आमच्या गल्लीत 'अपंग' म्हणजे तीनचाकी सायकलवरचे एक काका, एवढीच आमची समज. भारताच्या 2016च्या कायद्यातही मानसिक आजार अपंगत्वाच्या यादीत आहे, हे मला तेव्हा माहीत नव्हतं. त्या काकांच्या रांगेत मी दोन पायांवर चालत जाऊन उभी राहतेय, असं वाटायचं.

दुसरं कारण जास्त टोचणारं होतं. मला मांजर हवंच होतं. लहानपणापासून आवडतात. आता आजार झाला म्हणून मांजर मागतेय, की मांजर मिळावं म्हणून आजार पुढे करतेय? हे मलाच नीट सांगता येत नव्हतं. आणि ज्या व्यवस्थेत 'मला मांजर आवडतं' या वाक्याला काही किंमत नाही, पण 'मांजर नसेल तर मी कोलमडते' या वाक्याला कायद्याचं बळ आहे, तिथे आपण नकळत आपली प्रत्येक आवड दुखण्याच्या भाषेत बोलायला शिकतो. फॉर्म भरताना मी सगळ्यात वाईट रात्री आठवून आठवून लिहीत होते. बऱ्या रात्री गाळत होते. त्यात एकही शब्द खोटा नव्हता, तरी हात थांबायचा.

हे मी थेरपिस्टला सांगितलं. तिने शांतपणे एकच विचारलं: "तुला मांजर नको असतं, तरी या फॉर्मवरची वाक्यं खरी असती का?"

मी फॉर्म पुन्हा वाचला. झोप नाही, खरं. परीक्षा बुडवली, खरं. मांजराच्या आठवड्यात झोप लागली, वहीत आहे. मांजर नको असतं तरी यातलं काही बदललं नसतं. हेतूत भेसळ असली म्हणून वाक्य खोटं ठरत नाही. भुकेल्याला पुरणपोळी आवडत असली, म्हणून त्याची भूक खोटी होत नाही. माझ्या मित्राचा कागद याच चाळणीतून खाली पडतो: कुत्र्याची हौस काढून टाकली, की त्याच्या प्रश्नावलीतलं एकही उत्तर उभं राहत नाही. प्राण्यांमुळे नैराश्य किती कमी होतं यावर अभ्यासकांमध्ये एकमत नाही. मी जगाबद्दल दावा करत नव्हते, माझ्या एका वहीबद्दल करत होते.

पत्र मिळालं, आणि मला वाटलं प्रश्न सुटला.

*

सहीच्या आधी आईला फोन केला. आजाराबद्दल ती तोवर जाणून होती. ती आधी हसली. "मांजर पाळायला डॉक्टरची चिठ्ठी? आपल्याकडे मांजर आपल्याला पाळतं गं." खरंय. आमच्या घरी मांजर कोणी आणलं असं कधी झालंच नाही. ते माळ्यावर विऊन ठेवायचं, आजी दूधभात घालायची, संपलं.

मग ती थांबून म्हणाली, "आणि तुझं शिक्षण झाल्यावर त्या मांजराचं काय?"

मी म्हटलं, "बघू."

"बघू काय? ते काय औषध आहे का, बरं वाटलं की बंद करायला?"

फोन ठेवल्यावर मी सगळे फॉर्म पुन्हा काढले. एकूण अकरा पानं. मांजर माझ्यासाठी काय करणार, हे चार ठिकाणी विचारलं होतं. मांजराने नुकसान केलं तर कोण भरणार, ते दोन ठिकाणी. मी मांजरासाठी काय करणार याबद्दल लसी, स्वच्छता आणि त्याची आबाळ होऊ न देणं एवढंच होतं. दोन वर्षांनंतर त्याचं काय, हे कुठेच नव्हतं. माझी सगळी प्रामाणिकपणाची उलाढाल एकाच दिशेने चालली होती: मला त्याची गरज आहे का? त्याला माझी गरज पडेल तेव्हा मी असेन का, हे मी स्वतःलाही विचारलं नव्हतं.

महाभारतातला महाप्रस्थानाचा प्रसंग आपण लहानपणी ऐकलेला असतो. द्रौपदी आणि चौघे भाऊ वाटेत पडले, हस्तिनापुरापासून मागे आलेलं एक कुत्रं तेवढं उरलं. इंद्र रथ घेऊन आला आणि म्हणाला, स्वर्गात कुत्र्याला जागा नाही. म्हणजे तिथेही 'पाळीव प्राण्यांना बंदी'! युधिष्ठिराला अपवाद मागता आला असता. हे कुत्रं मला धीर देतं, भाऊ गेलेत, मी एकटा पडलोय, असं म्हटलं असतं तर ते खोटंही नव्हतं. त्याने तसं म्हटलं नाही. आपल्या आश्रयाला आलेल्याला सोडणं हे पाप आहे, एवढाच त्याचा मुद्दा. कुत्रं आपल्या उपयोगाचं आहे की नाही, हा विषयच त्याने काढला नाही. कुत्रं म्हणजे प्रत्यक्ष धर्म आहे हेही त्याला तेव्हा माहीत नव्हतं.

जर्मन तत्त्वज्ञ कांट नीतीवरच्या व्याख्यानांत म्हातारं झालेल्या इमानी कुत्र्याचं उदाहरण देतो. त्याला मरेपर्यंत सांभाळावं, असं तोही म्हणतो. पण कारण वेगळं: कुत्र्याशी निर्दय वागणारा माणसांशीही निर्दय होत जाईल. म्हणजे तिथेही कुत्रं आपल्या चांगुलपणाच्या सरावासाठी. कांटच्या आणि माझ्या अकरा पानांच्या फॉर्ममध्ये बरंच साम्य आहे. दोन्हीकडे मध्यभागी माणूस बसलाय. कायद्याला कदाचित तसंच असावं लागतं, त्याने माझ्या मनातल्या बांधिलकीचं मोजमाप कसं करायचं? पण मला कायदा पुरत नव्हता. आईचा प्रश्न कायद्यातला नव्हता.

एप्रिलच्या शेवटी मी शेल्टरमधून सात वर्षांची एक करडी मांजरी आणली. तिथे तिचं नाव ॲश होतं. ॲश म्हणजे राख, म्हणून मी तिला राखुंडी म्हणायला लागले.

*

एक गोष्ट सांगायची राहिली, आणि ती माझ्या बाजूने जात नाही.

माझी रूममेट वरंगळची होती. आमच्या खोल्या वेगळ्या, स्वयंपाकघर आणि हॉल एक. हाउसिंगने तिला विचारलं तेव्हा ती "काही हरकत नाही" म्हणाली. मीही विचारलं, तेव्हाही तेच म्हणाली. जूनमध्ये लक्षात आलं की ती रात्री अकरापर्यंत लायब्ररीत असते, सुट्टीतसुद्धा. खोदून विचारल्यावर म्हणाली, लहानपणी मांजर चावलं होतं, इंजेक्शनं घ्यावी लागली होती. मांजर समोर आलं की तिचे हातपाय गार पडायचे.

"मग आधी का नाही बोललीस?"

"तुझ्याकडे डॉक्टरचं लेटर होतं. माझ्याकडे फक्त भीती होती."

हे वाक्य मला अजून झोपेत ऐकू येतं. माझा कागद पूर्ण खरा होता आणि तरीही त्याने एका माणसाचं तोंड बंद केलं होतं. प्रमाणपत्र असलेल्या दुखण्यापुढे प्रमाणपत्र नसलेलं दुखणं आपोआप लहान होतं. मी तिला दोनदा विचारलं होतं, पण दोन्ही वेळा कागद हातात धरून.

मग आम्ही बसून ठरवलं. राखुंडी माझ्या खोलीतच राहील, दार बंद. स्वयंपाकघर तिला मोकळं. मी हाउसिंगला लिहून तिच्यासाठी दुसरी खोली मागितली. ती ऑगस्टमध्ये मिळाली, आणि तिचं सामान मी वाहून दिलं. मैत्री टिकली, पण थोडी जपून बोलण्याची झाली. याहून चांगला शेवट माझ्याकडे नाही.

*

मे 2024मध्ये डिग्री झाली, दुसऱ्या शहरात नोकरी लागली. तोवर मी बरी झाले होते. गोळ्या संपल्या होत्या, झोपेची वही बंद झाली होती. नव्या घरमालकाला द्यायला नवं पत्र हवं होतं, म्हणून थेरपिस्टला व्हिडिओ कॉल केला. ती म्हणाली, "मी लिहीन, पण आत्ता खरं आहे तेवढंच."

मी तिचीच चाळणी लावली. झोपेत अडथळा? नाही. कामात? नाही. मी जितकी बरी होत गेले तितका राखुंडीचा हक्क आटत गेला होता. मी आजारी होते तोवर ती कायद्याने माझ्या घरातली होती. मी बरी झाले आणि ती पुन्हा 'पेट' झाली, तीही आठ वर्षांची, म्हणजे मांजरांच्या हिशेबात उतारवयाकडे झुकलेली. आता तिचा मला पूर्वीसारखा उपयोग नव्हता. आईच्या प्रश्नाची तारीख आली होती.

मित्राने वेबसाइटची लिंक पुन्हा पाठवली. मी रागावले नाही. पैशांचा प्रश्न खरा होता: 500 डॉलर डिपॉझिट, वर महिन्याला 50 डॉलर मांजराचं भाडं. पहिल्या पगाराआधी ही रक्कम मोठी वाटते. बाबांना सांगितलं तर त्यांनी लगेच रुपयांत गुणाकार केला आणि गप्प बसले. आईने बाबांच्या हातून फोन घेतला आणि विचारलं, "ती प्रवासात ओरडेल का गं?"

नव्या घराच्या अर्जात दोन चौकटी होत्या. एक आधाराच्या प्राण्यासाठी, दुसरी पाळीव प्राण्यासाठी. मी दुसरीवर खूण केली. खाली विचारलं होतं, प्राणी किती काळ ठेवणार. जागा एका आकड्यापुरती होती. मी लिहिलं, "ती असेपर्यंत." ऑफिसमधून फोन आला, महिन्यांत सांगा म्हणून. लीज बारा महिन्यांचं होतं. मी बारा सांगितले, आणि डिपॉझिट भरलं.